अब्रूचे तारण



पत्रिकेवर माझ्या व्याख्यानाचा विषय ‘सामाजिक प्रतिष्ठा : एक चिंतन’ असा छापला आहे. चिंतन हा काही माझा प्रांत नाही. दिवसा महाविद्यालयात अर्थशास्त्र शिकवले आणि संध्याकाळी एका पतसंस्थेच्या कर्ज समितीवर बसलो, एवढाच माझा अधिकार. त्यामुळे प्रतिष्ठेबद्दल जे बोलेन ते कर्जाच्या अंगाने बोलेन. माणसाला कशाची लाज वाटते हे त्याला विचारून कळत नाही. तो कशासाठी कर्ज काढतो आणि त्यातले कोणते लपवतो, हे पाहिले की बरेच कळते.

सुरुवात थोडी जुनी करतो. पेशवाई बुडाल्यावर ब्रिटिश अधिकारी माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनने १८१९ साली नव्याने ताब्यात आलेल्या मुलखाचा अहवाल गव्हर्नर जनरलला पाठवला. त्यात इथल्या न्यायपद्धतीबद्दल लिहिताना तो ‘तगाद्या’चे वर्णन करतो. कोर्टकचेऱ्यांचे जाळे नव्हते, धनको स्वतःच वसुलीला निघे. ऋणको बरोबरीचा किंवा खालचा असेल तर त्याला घरात अडकवून ठेवायचे, जेवू द्यायचे नाही, उन्हात बसवायचे. ऋणको वरचा असेल तर रीत वेगळी. आधी विनवण्या, मग त्याच्या अब्रूला हात. त्याच्या उंबऱ्यावर आडवे पडायचे, वाटेत लोटांगण घालायचे, दारात ओरडा करायचा. एवढ्याने भागले नाही तर दाराशी उपाशी बसायचे. धनको उपाशी आहे तोवर घरधन्यालाही घास घेता येत नसे.

यातली तफावत पाहा. गरिबाच्या अंगाला हात घालायचा आणि मोठ्याच्या नावाला. लाज सगळ्यांकडे सारखी आहे असे त्या काळचा धनको धरून चालत नव्हता. आणखी एक गोष्ट त्यात आहे. दाराशी उपाशी बसलेल्या माणसाच्या हातात काठीसुद्धा नसते. त्याचे सगळे बळ रस्त्याने जाणाऱ्या-येणाऱ्यांत असते. ज्या आळीतून कोणी जातच नाही, तिथे धरणे धरून उपयोग नाही.

पुढे इंग्रजी कोर्टे आली. उंबऱ्याची जागा फिर्याद, हुकूमनामा आणि जप्तीने घेतली. १२ मे १८७५ रोजी भीमथडी तालुक्यातल्या सुप्याला शेतकऱ्यांनी सावकारांच्या वह्या आणि कर्जरोखे काढून जाळले, आणि पुणे-नगर जिल्ह्यांत ते लोण पसरले. हे आपण शाळेत शिकतो. शाळेत शिकवत नाहीत ते हे की, सरकारने नेमलेल्या आयोगाने एका लाडक्या समजुतीचीही तपासणी केली. ‘रयत लग्नात उधळते म्हणून बुडते’ ही ती समजूत. सरकारी साऱ्याच्या बाबतीत हा आयोग सरकारशी जरा जास्तच मायेने वागला, ते सोडा. पण लग्नखर्चाबद्दल त्याने सरळ लिहिले की, या कारणाला अवाजवी महत्त्व दिले जाते. खर्च ऐपतीच्या मानाने मोठा दिसतो खरा, पण असे प्रसंग क्वचित येतात, आणि वर्षानुवर्षांचा हिशेब लावला तर शेतकऱ्याने आपल्या घरच्या सुखासाठी करावा त्याहून तो फार नाही.

हे मी मुद्दाम सांगतो आहे. दीडशे वर्षांनंतरही टीव्हीच्या चर्चेत एखादा जाकीटवाला म्हणतोच, ‘हे लोक लग्नात पैसा घालवतात हो.’ हे लोक! म्हणणाऱ्याच्या मुलीचे लग्न गोव्याला समुद्रकाठी झालेले असते.

आता माझ्या पतसंस्थेत या. कर्जमागणी अर्जात ‘कर्जाचे कारण’ असा एक रकाना असतो. त्यात ‘लग्न’ हा शब्द मला क्वचितच दिसला. घरदुरुस्ती, दुभती म्हैस, विहीर खोल करणे, पाइपलाइन. अर्ज फेब्रुवारीत आला आणि जामीनदार अर्जदाराचे मेहुणे असले, की ही म्हैस कोणत्या मांडवात बांधायची आहे ते समितीला कळे. आम्ही विचारत नसू. विचारले तर माणूस उठून जाणार, दुसऱ्या संस्थेत जाणार, तिथे नाही जमले तर व्याजाने पैसे फिरवणाऱ्याकडे जाणार. आणि खरे सांगायचे तर ही कर्जे फिटत. विहिरीचे कर्ज थकवताना माणूस पाऊसपाण्याचे कारण सांगतो. पोरीच्या लग्नाचे कर्ज मात्र तो पोटाला चिमटा काढून फेडतो, कारण ते थकल्याची नोटीस व्याह्याच्या कानावर जाईल ही धास्ती असते.

खर्च नेमका कुठे होतो, तेही सांगायला हवे. जेवणावर होतो हे सगळ्यांना ठाऊक आहे, आणि जेवणाबद्दल माझी तक्रार नाही. माणसे जेवून जातात. चमत्कारिक आहे तो मानपान. बस्ता बांधायला दोन्हीकडची माणसे गाड्या करून तालुक्याच्या दुकानात जातात. दुकानदार वरच्या मजल्यावर गाद्यांवर बसवतो, चहा पाजतो, जेवणही घालतो. तिथे कोणत्या आत्याला कितीची साडी यावर जो काथ्याकूट चालतो, तो ऐकून एखाद्या मध्यस्थाचे केस पांढरे व्हावेत. मग लग्नात त्या साड्या दिल्या जातात, आणि घेणारी घरी जाऊन कपाटाच्या खालच्या कप्प्यात ठेवते. ती आहेराची साडी, नेसायची नव्हे. पुढच्या लग्नात ती दुसऱ्या आत्याला जाते. टोपी-टॉवेलचेही तेच. आमच्या भागात असे टॉवेल आहेत की ज्यांनी पाण्याचा थेंब पाहिलेला नाही, पण पाचपन्नास सत्कार पाहिले आहेत. पत्रिकेवर ‘कृपया आहेर आणू नये’ असे असते, आणि स्टेजच्या खाली टेबल टाकून वही घेऊन चुलतभाऊ बसलेला असतो.

आणि सोने. सोने पतसंस्थेच्या तिजोरीत आहे, सोनेतारण कर्जावर, आणि मांडवात गळ्यात आहे ते एक ग्रॅमचे किंवा बेन्टेक्सचे. समोरच्या बाईला एका नजरेत कळते. बाया सोने ओळखण्यात सराफाला हार जात नाहीत. पण ती काही बोलत नाही. ‘नवीन केलंत वाटतं?’ एवढेच विचारते. ‘हो, पाडव्याला,’ असे उत्तर येते. दोघींना खरे माहीत आहे. पाटल्या सोडवून आणायला पावसाळा जावा लागणार हेही माहीत आहे, कारण विचारणारीच्या पाटल्याही त्याच तिजोरीत आहेत.

झाकली मूठ सव्वा लाखाची, असे आपण म्हणतो. ती मूठ एकट्याने झाकता येत नाही, हे मला कर्ज समितीवर बसून कळले. समोरच्याने ‘उघड’ म्हणायचे नाही, एवढी मदत लागतेच. म्हणून देखावा करणाऱ्याला मी ढोंगी म्हणत नाही. तो अख्ख्या गावाने मिळून केलेला उद्योग आहे, त्यात याने फक्त पैसे घातले आहेत.

अशा मदतीचा एक फार सुंदर नमुना तुम्हा सगळ्यांना लहानपणापासून माहीत आहे. साने गुरुजींच्या ‘श्यामची आई’मध्ये ‘अळणी भाजी’ नावाची रात्र आहे. आई भाजीत मीठ घालायला विसरते. वडील पहिल्या घासालाच ओळखतात आणि काही न बोलता चवीने जेवतात, मुलेही जेवतात. आई मागून जेवायला बसते तेव्हा तिला कळते, आणि मग सांगितले का नाही म्हणून तिलाच वाईट वाटते. कोणी कोणाची लाज कशी राखावी, याचा यापेक्षा चांगला धडा मला माहीत नाही.

पण त्याच पुस्तकात जप्तीची रात्रही आहे, आणि ती आपण मुलांना कमी वाचून दाखवतो. वडील कर्जात बुडालेले. खोताच्या मोठ्या घराण्याचे नाव, आणि त्या नावाला शोभेल असे वागता वागता झालेले कर्ज. मग सावकाराचा माणूस दारात येऊन बोलतो ते आईला ऐकावे लागते. आणि एक दिवस गावात दवंडी पिटली जाते, घर जप्त होणार म्हणून. आधीच्या पानांवर ज्या घराने एका भाजीची लाज आतल्या आत झाकली, त्याच घराची लाज ढोल वाजवून वेशीवर टांगली जाते. गुरुजींनी ही दोन प्रकरणे जोडून दाखवलेली नाहीत. मला मात्र ती एकाच घरातली वाटतात. जे घर आतल्या माणसाला ‘मीठ नाही’ असे सांगत नाही, ते बाहेरच्याला ‘पैसे नाहीत’ हे कसे सांगणार? मायेने झाकायची सवय आणि भीतीने झाकायची सवय, दोन्ही त्याच चुलीपाशी लागतात. म्हणून ‘खोटा देखावा सोडा’ असा सरसकट उपदेश मला करवत नाही. सोडायला निघालो तर अळणी भाजीही जाईल.

उपदेश करवत नाही याला दुसरेही कारण आहे, आणि ते अधिक वजनाचे आहे.

ॲडम स्मिथने १७७६ च्या ग्रंथात गरजेची वस्तू म्हणजे काय हे सांगताना लिननच्या सदऱ्याचे उदाहरण दिले आहे. तो म्हणतो, ग्रीक-रोमन लोक लिननवाचून सुखाने जगले. पण स्मिथच्या काळच्या युरोपात साध्या मजुरालाही तो सदरा नसेल तर चारचौघांत यायची लाज वाटे, म्हणून सदरा ही चैन नाही, गरज आहे. अमर्त्य सेन यांनी गरिबीची व्याख्या करताना हा उतारा पुन्हा पुन्हा वापरला. लाज न वाटता माणसांत वावरता येणे ही त्यांच्या मते माणसाची एक मूलभूत क्षमता आहे, आणि ती मिळवायला श्रीमंत समाजात जास्त पैसे लागतात.

आता महाडला चला. डिसेंबर १९२७. सत्याग्रह परिषदेला आलेल्या स्त्रियांपुढे डॉ. आंबेडकर बोलले ते लुगड्याबद्दल आणि दागिन्यांबद्दल. लुगडे वरच्या जातीच्या बायका नेसतात तसे नेसा, गळाभर गळसऱ्या आणि हातभर कथलाचे किंवा चांदीचे दागिने या तुमच्या जातीच्या खुणा झाल्या आहेत, त्या टाका, स्वच्छ राहा. सभेहून परतताना अनेकींनी तशी लुगडी नेसलेली होती. याला कोणी देखावा म्हणावे? ज्याला पोशाखातच बांधून ठेवले होते, त्याने पोशाख बदलणे हे बंडच होते. आंबेडकरांचा स्वतःचा सूट घ्या. त्याच काळात पंचा नेसणाऱ्या गांधीजींना लोक महात्मा म्हणत. पण पंचा ज्याच्या अंगावर आधीच लादलेला होता, त्याला पंचाने कोणी महात्मा म्हणाले नसते.

म्हणून साधेपणाची किंमत सगळ्यांना सारखी पडत नाही. ज्याचे नाव पक्के आहे त्याने साधे लग्न केले तर त्याला तत्त्वनिष्ठ म्हणतात. ज्याचे नाव कच्चे आहे त्याने केले तर म्हणतात, ऐपत नव्हती. दलित नवरदेवाची घोड्यावरून वरात निघाली की अजूनही या देशात कुठे ना कुठे दगड पडतो. त्या घोड्याचे भाडे ‘अनाठायी खर्च’ या सदरात टाकण्याची माझी तयारी नाही. महात्मा फुल्यांनी २४ सप्टेंबर १८७३ रोजी सत्यशोधक समाज काढला आणि त्याच वर्षी २५ डिसेंबरला पहिले सत्यशोधक लग्न अगदी थोड्या खर्चात लागले. त्यात पैसा वाचला, पण मुद्दा भटजीचा होता. मध्यस्थ नको, आमचे आम्ही लावू. आपण ‘साधे लग्न’ एवढेच उचलले आणि मुद्दा तिथेच ठेवला.

तेव्हा लाजेशी भांडायचे असेल तर लाजणाऱ्याशी भांडून भागत नाही. लाज ज्याच्या हातात तारण म्हणून असते त्याच्याकडे पाहायला हवे.

तगादा संपला असे समजू नका. काही महापालिकांनी कर थकवणाऱ्यांच्या दारात बँड वाजवला, आणि वर्तमानपत्रांनी कौतुकाने फोटो छापले. पतसंस्थाही थकबाकीदारांची नावे फलकावर लावतात; या फलकांबद्दल समितीत मतभेद होत. माझे मत विरोधात असे, कारण फलकावर नाव लागल्याने जो मुळातच निगरगट्ट आहे त्याचे काही बिघडत नाही. तो फलकाशेजारी उभा राहून चहा पितो. मोडतो तो ज्याला लाज आहे तो.

यापुढची पायरी मोबाइलवर आली. २०२० च्या आसपास झटपट कर्ज देणारी ॲप्स निघाली. पाच-दहा हजार रुपये, आठवड्याची मुदत, कागद नाही, जामीनदार नाही. जामीनदार नाही हे खोटे होते. ॲप उतरवून घेताना ते फोनमधल्या सगळ्या नंबरांची परवानगी मागत असे. हप्ता चुकला की बायकोच्या मावशीला, मुलाच्या शिक्षकांना, कारखान्यातल्या सुपरवायझरला फोन जात. बायांचे फोटो बिघडवून, घाण करून पाठवले जात. त्या छळाने देशभर माणसांनी जीव दिले. सप्टेंबर २०२२ मध्ये रिझर्व्ह बँकेने डिजिटल कर्जासाठी मार्गदर्शक सूचना काढल्या आणि कर्ज देणाऱ्या ॲपने फोनमधले संपर्क, फोटो, फायली पाहता कामा नयेत असे बजावले. ही सूचना नीट वाचली तर लक्षात येईल की त्या कंपन्या कर्ज कशावर देत होत्या. सोन्यावर नाही, पगारावर नाही. तुमच्या फोनमधल्या चारशे माणसांवर. ती माणसे तुमच्याबद्दल काय म्हणतील, हेच त्यांचे तारण. जमीन तलाठ्याच्या दप्तरात असते. हे तारण शेजाऱ्यांच्या तोंडात असते.

लाजेने काढलेल्या कर्जाला कागद नसतो, याचे एक फार वाईट टोक आहे, ते थोडक्यात सांगतो. शेतकऱ्याने आत्महत्या केली तर सरकारी मदतीसाठी प्रकरण पात्र की अपात्र हे ठरवताना कर्ज कोणाचे हे पाहतात. बँकेचे, सोसायटीचे किंवा परवानाधारक सावकाराचे हवे. मेहुण्याकडून, अडत्याकडून, बिनपरवाना सावकाराकडून कोणाला न सांगता घेतलेले कर्ज या चौकटीत बसत नाही. जिवंतपणी ज्याने ते लपवले, त्याच्या बायकोला ते नंतर सिद्ध करता येत नाही.

आता ज्यासाठी मी आज उभा राहिलो तो अनुभव. हा प्रयोग कोणत्याही समाजशास्त्रज्ञाला करता आला नसता, तो एका विषाणूने करून दाखवला.

२०२० च्या मे महिन्यात लग्नाला पन्नास माणसांची मर्यादा आली. २०२१ च्या एप्रिलमध्ये महाराष्ट्रात ती पंचवीसवर आली. एकच कार्यक्रम, दोन तासांत उरकायचा, मोडले तर पन्नास हजार दंड. त्या दोन उन्हाळ्यांत आमच्या तालुक्यात घरोघर लग्ने लागली. ओट्यावर लागली, शेतातल्या शेडमध्ये लागली. बस्ता नाही, कारण दुकाने बंद. मानपान नाही, कारण आत्याला बोलावलेच नाही. ज्यांनी आयुष्यभर ‘चार लोकांत बरं दिसत नाही’ म्हणून काळजी केली, त्यांच्या मुली पंचवीस माणसांत नांदायला गेल्या आणि कोणाचेही नाक कापले गेले नाही. बापांच्या तोंडावर मी जी मोकळीक पाहिली ती विसरत नाही. आजारपणाची भीती होती, पण या एका बाबतीत सुटकाही होती. ‘काय करणार, सरकारचा नियम!’ हे वाक्य त्यांना कोणीतरी दान दिले होते.

लग्न तेच, मुलगी तीच, पंगत पंचवीसची. तरीही लाज नाही. म्हणजे लाज लहान लग्नात नव्हतीच. लहान लग्न आपण होऊन निवडण्यात होती. निवड काढून घेतल्याबरोबर ती गेली.

मर्यादा उठली आणि काय झाले, ते तुम्ही पाहिलेच आहे. ड्रोन, ड्रेस-कोडची हळद, प्री-वेडिंगसाठी महाबळेश्वर. आणि ज्यांच्या घरची लग्ने त्या दोन वर्षांत उरकली होती, त्यांना पारावर भेटणारा जो तो एक प्रश्न विचारू लागला : ‘काय पाटील, लाडू राहिलेत आमचे. कधी देताय?’ थट्टेतच विचारतात. विचारणाऱ्याच्या मनात पाप नसते, त्याला एक पंगत हवी असते. पण पुढच्या हंगामात काही बापांनी खरोखर मांडव घातले, जेवणे दिली, नातू मांडीवर असताना मुलीचे ‘स्वागत समारंभ’ झाले. समितीपुढे अर्ज आले. घरदुरुस्ती.

अशा वेळी आपण बोल कोणाला लावतो, तेही पाहा. २०१३ च्या फेब्रुवारीत, अर्धा महाराष्ट्र दुष्काळात होरपळत असताना, चिपळूणला एका मंत्र्याच्या घरी मोठ्या थाटाचे लग्न झाले आणि त्यांच्याच पक्षाच्या प्रमुखांना, शरद पवारांना, जाहीर नाराजी बोलून दाखवावी लागली. चांगलेच झाले. पण त्या मांडवात जेवलेल्या हजारोंना कोणी काही विचारले नाही. आपण यजमानाला बोल लावतो. पाहुण्याला आपण अतिथी मानतो.

पाहुण्याच्या हातात काय असते? थोडे असते. लाडवांची आठवण न करणे असते. ‘थाटात झालं हो’ याऐवजी ‘छान झालं’ म्हणणे असते. गळ्यातले बेन्टेक्स ओळखणे आणि न ओळखणे, दोन्ही असते. हे तर आपल्याला उत्तम जमते. पण सरकारने दिले तसे निमित्त पाहुण्याला देता येत नाही. ते देऊ शकतो तो ज्याचे नाव पक्के आहे, ज्याने पन्नास माणसांत लग्न लावले तरी ‘ऐपत नव्हती’ असे म्हणायची कोणाची छाती होणार नाही. साखर कारखान्याचा अध्यक्ष, आमदार, दवाखान्यावर दवाखाना बांधणारा डॉक्टर. अशा एकाने केले की खालच्या दहा जणांना म्हणता येते, ‘साहेबांच्यात नाही का, तसंच केलं आम्ही.’ २०२१ साली ‘सरकारचा नियम’ म्हणता येत होते, तसे.

अशी नावे या सभागृहात नाहीत असे नाही. पहिल्या रांगेत जे बसले आहेत त्यांच्यापैकी एकांच्या घरी मे महिन्यात कार्य आहे, आणि मंगल कार्यालय पाहून झाले असे मी ऐकतो. साहेब हसताहेत, म्हणजे खरे असावे. पत्रिका अजून छापायला टाकली नसेल, तर चहाच्या वेळी पाच मिनिटे द्या. नावांची यादी घेऊन मी बाहेर व्हरांड्यात थांबतो.